परवानगीचं पत्र बघा, मग ओपीडीत जाऊन बसा

ताई,

नमस्कार. आम्ही धायरीला राहतो. मुलीला यंदा नीटमध्ये एमबीबीएसपुरते मार्क पडले नाहीत, पण तिचं त्यावाचून काही अडलेलं नाही. अकरावीपासून ती आयुर्वेदाची पदवी, बीएएमएसच म्हणते आहे. सीईटी सेलच्या, म्हणजे राज्याच्या प्रवेश कक्षाच्या, दुसऱ्या फेरीत तिला शेजारच्या जिल्ह्यातलं एक खासगी आयुर्वेद कॉलेज लागलं. कॉलेज फार जुनं नाही. पहिल्या फेरीच्या यादीत त्याचं नावच नव्हतं, दुसऱ्या फेरीला आलं. फोन केला तर ऑफिसमधल्या बाई म्हणाल्या, "परवानगी दरवर्षी येतेच हो. कधी दिल्लीहून येते, कधी हायकोर्टातून." तेव्हापासून मिस्टरांची झोप उडाली आहे.

माझे सासरे वैद्य. पाटीवर अजून डीएएसएफ ही आयुर्वेदाची जुनी पात्रता आहे. ते म्हणतात, "आमच्या वेळी विद्या गुरूकडे बघून घ्यायचे. सरकारचा शिक्का कशाला लागतो?" दुसरीकडे जंगली महाराज रस्त्यावरचा एक अ‍ॅडमिशनवाला रोज फोन करतोय. परराज्यात डायरेक्ट प्रवेश, नीटचा स्कोअर लागत नाही, 'आयुष मान्यताप्राप्त' पदवी, म्हणे.

परवानगी खरी आहे हे आम्ही कसं ओळखायचं? पुढच्या वर्षी ती मिळाली नाही तर मुलीचं काय होईल? रिपोर्टिंगला, म्हणजे कॉलेजात हजर होऊन प्रवेश घ्यायला, आठ दिवस उरलेत.

– एक आई, धायरी

नमस्कार,

आधी जंगली महाराज रस्ता निकालात काढू. त्या गृहस्थांचा नंबर ब्लॉक करा. बीएएमएसला नीट देशभर लागते आणि नुसती परीक्षा देऊन भागत नाही, किमान पर्सेंटाइल गाठावा लागतो. खुल्या गटाला ५०, आरक्षित गटांना ४०. एखाद्या वर्षी केंद्राने तो खाली आणला तर तेवढीच सूट. खासगी आयुर्वेद कॉलेजांच्या संघटनेने हा निकष थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत नेला होता. २०२० च्या फेब्रुवारीत न्यायालयाने निकष कायम ठेवला. त्यामुळे नीट चुकवून मिळवलेल्या पदवीवर वैद्यांच्या राज्य कौन्सिलमध्ये नोंदणी होत नाही, आणि नोंदणी नसेल तर दवाखान्याची पाटी लावता येत नाही.

ही चलाखी जुनीच आहे. प्रयागच्या हिंदी साहित्य संमेलनाच्या 'वैद्यविशारद' आणि 'आयुर्वेदरत्न' या पदव्यांना १९७० च्या केंद्रीय कायद्याच्या परिशिष्टात १९६७ पर्यंतचीच मान्यता होती. त्यानंतर त्या घेतलेल्यांनी वर्षानुवर्षं दवाखाने चालवले, आणि २०१० साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की १९६७ नंतरच्या या पदव्यांवर वैद्यकी करता येणार नाही. कुणाचं तरी अख्खं आयुष्य त्या कागदावर गेलेलं असणार. तुमचा एजंट उद्या 'नॅचरोपॅथीची पदवी देतो' असंही म्हणेल, आणि ताडीवाला रोडच्या बापू भवनातल्या राष्ट्रीय निसर्गोपचार संस्थेचा दाखला देईल. ती संस्था केंद्र सरकारची आहे, खरंय. पण आयुर्वेद, युनानी, सिद्ध आणि सोवा-रिग्पा यांच्यासाठी जो केंद्रीय कायदा आहे, त्यात निसर्गोपचार येतच नाही. तेव्हा तो विषय सोडा.

आता तुमचं कॉलेज. पहिल्या फेरीत नाव नव्हतं याची इतकी धास्ती घेऊ नका. नवं आयुर्वेद कॉलेज काढायचं किंवा जागा वाढवायच्या तर केंद्राची पूर्वपरवानगी हवी, ही अट २००३ च्या दुरुस्तीने आली. तोवर राज्य आणि विद्यापीठ तयार असलं की कॉलेज उभं राहत असे, आणि महाराष्ट्रात ती भराभर उभी राहिलीही. आधी हे काम सीसीआयएम या केंद्रीय परिषदेच्या शिफारशीवर आयुष खात्यात चालायचं. जून २०२१ पासून सीसीआयएमच्या जागी एनसीआयएसएम हा भारतीय चिकित्सा पद्धतींचा राष्ट्रीय आयोग आला. त्याच्या हाताखालचं मूल्यांकन आणि मानांकन मंडळ कॉलेजची तपासणी करतं, त्रुटी काढतं, खुलासा मागतं, सुनावणी घेतं, आणि त्या शैक्षणिक वर्षासाठी परवानगी देतं किंवा नाकारतं. हे सगळं प्रवेशाच्या हंगामातच चाललेलं असतं. पत्र हातात पडेपर्यंत सीईटी सेल त्या कॉलेजच्या जागा दाखवू शकत नाही. म्हणून दर फेरीला यादी लांबत जाते. उशिरा आलेलं नाव म्हणजे बहुधा सुनावणीपर्यंत गेलेली फाइल. कॉलेजला विचारायचा प्रश्न असा, की सुनावणी कशावर झाली? उत्तर 'ग्रंथालयातली पुस्तकं' असेल तर पुढे चला. 'रुग्णसंख्या' किंवा 'शिक्षक' असं असेल, किंवा समोरचा माणूस विषय बदलत असेल, तर थांबा.

त्या बाई 'हायकोर्टातून' म्हणाल्या, ते मात्र हलक्यात घेऊ नका. परवानगी नाकारली की कॉलेज न्यायालयात जातं. तो त्यांचा हक्क आहे, आणि कधीकधी आयोगाचंच चुकलेलंही असतं. पण न्यायालय प्रवेशाची तारीख निघून जाऊ नये म्हणून अंतरिम आदेश देतं, तेव्हा त्या आदेशात एक ओळ असते: प्रवेश याचिकेच्या अंतिम निकालाच्या अधीन राहतील. ही ओळ कॉलेज पालकांना वाचून दाखवत नाही. निकाल विरुद्ध गेला तर धोका तुमच्या मुलीच्या प्रवेशाला असतो. संस्थाचालकांचं फार तर एक वर्ष जातं. तेव्हा यंदाचं नाव कशाच्या आधारावर आलं, आयोगाच्या पत्रावर की न्यायालयाच्या आदेशावर, हे लेखी मागा. मी तुमच्या जागी असते तर अंतरिम आदेशावर चालणारं कॉलेज सोडून तिसऱ्या फेरीची वाट पाहिली असती.

पत्र हातात आलं की ते नीट वाचा. कॉलेजवाले बऱ्याचदा विद्यापीठाच्या संलग्नतेचं पत्र पुढे करतात. नाशिकचं आरोग्य विज्ञान विद्यापीठ संलग्नता देतं, राज्य सरकार ना-हरकत देतं, पण हे दोन्ही मिळून केंद्रीय परवानगी होत नाही. तुम्हाला हवं ते आयोगाच्या मंडळाचं पत्र. त्यावर शैक्षणिक वर्ष कोणतं, जागा किती आणि पत्ता कोणता, एवढं पाहा. गेल्या वर्षीचं पत्र लॅमिनेट करून भिंतीला लावलेलं असतं, ते उपयोगाचं नाही. जागांचा आकडा तर हमखास तपासा. कॉलेज १०० जागांचं म्हणून प्रसिद्ध असतं आणि त्रुटींमुळे त्या वर्षी परवानगी ६० चीच असते. हाच आकडा आयोगाच्या वेबसाइटवरच्या यादीत आणि सीईटी सेलच्या जागांच्या तक्त्यात सारखाच हवा. न जुळल्यास आधी सीईटी सेलला ईमेल टाका, कॉलेजला फोन नंतर.

पुढच्या वर्षी परवानगी नाकारली तर काय, हा तुमचा दुसरा प्रश्न. नकार त्या वर्षीच्या नव्या प्रवेशांना असतो. परवानगी असलेल्या वर्षी, नीटच्या गुणवत्तेवर, रीतसर फेरीतून शिरलेल्या तुकडीची पदवी त्यामुळे बाद होत नाही. तिच्या परीक्षा विद्यापीठ घेतं, पदवी विद्यापीठ देतं. कॉलेजला टाळंच लागलं तर मुलांना दुसरीकडे सामावून घेण्याचं काम सरकार आणि विद्यापीठाकडे येतं. ते सुखाचं नसतं, पण मुलं रस्त्यावर येत नाहीत. खरा त्रास कमी दिसणारा आहे. एक तुकडी बुडाली की कॉलेजची त्या वर्षाची फी बुडते. मग पगार रखडतात आणि चांगले शिक्षक आधी निघतात. तुमची मुलगी तिसऱ्या व्यावसायिक वर्षाला पोचेपर्यंत कायचिकित्सा, म्हणजे रोगांवरचे अंतर्गत उपचार, शिकवायला कोण उरलंय, हा प्रश्न पदवीच्या वैधतेपेक्षा मोठा आहे.

म्हणून मी म्हणते, पत्र ठीक असलं तरी तिथे थांबू नका. परवानगी हा तळ आहे, आणि तो ज्या एका गोष्टीवर टिकतो ती म्हणजे रुग्णालय. कॉलेजांच्या किमान निकषांच्या २०१६ च्या नियमावलीचे आकडे सांगते. त्यानंतर २०२४ ची नवी नियमावली आली, तपासणीला मानांकनाची जोड मिळाली. पण अंदाज घ्यायला हे जुने आकडे पुरतात. ६० विद्यार्थ्यांच्या कॉलेजला ६० खाटा, ओपीडीत रोज सरासरी १२० रुग्ण, वर्षभरात सरासरी ४० टक्क्यांहून जास्त खाटा भरलेल्या, आणि ३० पूर्णवेळ शिक्षक. १०० विद्यार्थी असतील तर रुग्ण २०० आणि शिक्षक ४५. हे आकडे फार मोठे नाहीत. ६० तल्या २४ खाटा म्हणजे एक बऱ्यापैकी मोठा वॉर्ड. तरी असंख्य फाइली नेमक्या इथेच अडतात, कारण इमारत कर्ज काढून बांधता येते, पण गावातला माणूस सकाळी उठून आपल्या दारात केसपेपर काढायला येईल हे कर्जाने घडत नाही.

तपासणीच्या दिवशी काय होतं हे या क्षेत्रातला प्रत्येक जण जाणतो. आदल्या दिवशी आसपासच्या वाड्यांवरून जीप भरून 'पेशंट' येतात, 'ऑन पेपर' शिक्षक एसटीने हजर होतात, इंटर्नना सांगून खाटा भरल्या जातात. आयोगानेही त्यावर उपाय काढलेत. प्रत्येक शिक्षकाला स्वतंत्र कोड दिला म्हणजे एकच माणूस दोन कॉलेजांत दिसू नये, आधारशी जोडलेली हजेरी आणली, रुग्णनोंदणी संगणकावर घ्यायला लावली. फरक पडलाय. पण सगळी भोकं बुजली असं मी म्हणणार नाही. आणि तपासनीस वर्षातून एकदा जातो, तुम्ही कुठल्याही दिवशी जाऊ शकता. तुमच्याकडे हा एक फायदा आहे, तो वापरा.

त्याआधी एक काम पुण्यातच करा. एखाद्या सकाळी मुलीला घेऊन रास्ता पेठेत जा. टिळक आयुर्वेद महाविद्यालय तिथे १९३३ पासून आहे आणि त्याला जोडून शेठ ताराचंद रामनाथ धर्मार्थ आयुर्वेदिक रुग्णालय. ताराचंद म्हटलं की रिक्षावाला सोडेल. तिला तिथे प्रवेश मिळालेला नाही, माहितीये मला. प्रवेशासाठी नव्हे, नजर बसावी म्हणून जा. केसपेपरच्या खिडकीवर माणसं कोणत्या तक्रारी घेऊन येतात, पंचकर्म विभागाबाहेर कोण बसलंय, विद्यार्थी रुग्णाला काय विचारतात, औषध कुठून मिळतं, हे अर्धा तास बघा. मग दुसऱ्या दिवशी ते लागलेलं कॉलेज गाठा आणि तसाच अर्धा तास तिथल्या बाकावर बसा. कुणी विचारलं तर सांगा, नातेवाइकांना दाखवायला आणणार आहोत. ते खोटंही नसेल, कारण तुमच्या सासऱ्यांना बरोबर न्यायचंय.

हो, सासऱ्यांना. त्यांचं म्हणणं मी अर्धं मानते. त्यांच्या काळीही सरकारचा संबंध होता, बरं का. मुंबई इलाख्यात वैद्यांच्या नोंदणीचा कायदा १९३८ सालचा, आणि त्यांच्या डीएएसएफमागे फॅकल्टीची परीक्षा होतीच. पुढे १९६१ चा राज्याचा कायदा, १९७० चा केंद्राचा, १९९८ मध्ये नाशिकचं विद्यापीठ, असा पसारा वाढत गेला. तो वाढला कारण कॉलेजं वाढली. शिष्याने गुरू निवडायचा तर गुरू शिकवायला जागेवर हवा, आणि नेमकं तेच आता कुणाला तरी तपासावं लागतंय. पण त्यांची नजर तुमच्या-माझ्यापेक्षा तयार आहे. गाडीत बसवत असेल तर त्यांना घेऊन जा आणि ओपीडीत रुग्ण म्हणून पाठवा, गुडघ्यांची तक्रार असेलच. केसपेपर निघतो का, नाडी-जिव्हा कोण बघतं, शिक्षक विद्यार्थ्यांसमोर तपासतात की एखादा इंटर्न एकटाच बसलाय, लिहून दिलेली औषधं तिथल्या औषधालयात मिळतात का, हे ते पाच मिनिटांत ओळखतील. दहा पानी माहितीपत्रकात यातलं काही नसतं.

मधल्या वेळात तुमच्या मुलीला कॅन्टीनमध्ये धाडा. दुसऱ्या-तिसऱ्या वर्षाच्या मुलामुलींना तिने सरळ विचारावं: रसशास्त्र, म्हणजे धातू-खनिजांची औषधं, कोण शिकवतं? शरीर विभागात डिसेक्शन होतं का? प्रसूती विभागात गेल्या महिन्यात बाळंतपण पाहिलं का? नावं लिहून घ्या आणि वेबसाइटवरच्या शिक्षकांच्या यादीशी ताडून पाहा. यादीत सात नावं असलेल्या विभागातली दोनच मुलांच्या तोंडी असतील तर बाकीचे पाच कधी उगवतात हे तुम्ही ओळखलंच असेल. वसतिगृह बघा, पण शेवटी. वनौषधी उद्यानाचे फोटो काढून समाधान मानणारे पालक मी खूप पाहते. पावसाळ्यानंतर सगळीच उद्यानं छान दिसतात.

रुग्णांवर मी एवढी अडून बसलेय त्याला आणखी एक कारण आहे. ज्या कायद्याने हा आयोग आला त्या २०२० च्या कायद्यात पदवीनंतर व्यवसायाचा परवाना मिळवायला राष्ट्रीय निर्गम परीक्षेची तरतूद आहे, म्हणजे कॉलेजची अंतर्गत परीक्षा आणि विद्यापीठाची परीक्षा यांच्या पुढे अजून एक देशपातळीवरची चाळणी. साडेचार वर्षं आणि वर्षभराची इंटर्नशिप एवढा काळ रिकाम्या वॉर्डात काढलेल्या मुलीला ती जड जाणार. कॉलेजने हजेरी भरून दिली म्हणून तिला ज्वराचा रुग्ण ओळखता येणार नाही.

पैशाचं थोडक्यात. फी शुल्क नियामक प्राधिकरणाने ठरवलेली असते आणि ती त्यांच्या वेबसाइटवर कॉलेजनिहाय दिसते. त्यावर 'डेव्हलपमेंट', 'हॉस्पिटल', 'युनिफॉर्म' अशा नावांनी काही मागितलं तर पावती मागा. पावती नको म्हणाले की समजायचं ते समजा. राज्यात कॅपिटेशन फी घेण्याला १९८७ च्या कायद्याने बंदी आहे. रोख अजिबात देऊ नका, कॉलेजच्या नावाने डीडी किंवा ऑनलाइन.

आता आठ दिवसांचं गणित. रिपोर्टिंगला जाल तेव्हा 'स्टेटस रिटेन्शन' फॉर्म समोर ठेवतील. तो भरला की मुलगी पुढच्या फेऱ्यांतून बाहेर. ओपीडी पाहून मन बसलं नसेल तर तो भरू नका, प्रवेश घ्या आणि पुढच्या फेरीत पसंतीक्रम द्या. फक्त एक लक्षात असू द्या, पुढच्या फेरीत वरचं कॉलेज लागलं की हातातली जागा आपोआप जाते, मग 'आधीचंच बरं होतं' चालत नाही. म्हणून पसंतीक्रमात खरोखर हवी तीच कॉलेजं लिहा, यादी भरायची म्हणून नव्हे. जागा सोडण्याचे नियम फेरीगणिक वेगळे असतात, ते यंदाच्या माहितीपत्रकात मिस्टरांना वाचायला सांगा, नाहीतरी ते जागेच आहेत.

तुमचं कॉलेज मला कागदावरून वाईट वाटत नाही. आयोगाचं यंदाचं पत्र असेल, जागांचा आकडा जुळत असेल आणि साध्या दिवशी ओपीडीत शंभरच्या आसपास केसपेपर निघत असतील, तर नवं आहे म्हणून नाकारू नका. जाल तो दिवस सोमवार नको, सोमवारी कुठल्याही दवाखान्यात गर्दी असते. बुधवार-गुरुवार गाठा, कळवून जाऊ नका, आणि अकराच्या आत पोचा. बारानंतर चांगल्या रुग्णालयाचीही ओपीडी ओसरलेली असते, मग उगाच त्यांच्यावर अन्याय व्हायचा.